साडूची वीस मिनिटं

ए, तो मोबाईल उलटा ठेव. उजेड डोळ्यात येतो. आणि तू, इंजिनेर, तू जरा लांब सरक. तू मधेमधे "हे शक्य नाही" म्हणतोस आणि माझी तार तुटते. शक्य असतं तर मी तुम्हाला गच्चीवर अंधारात कशाला सांगितलं असतं? दुपारी सांगितलं असतं, जेवता जेवता.

हां. तर माझा साडू एक पिशवी पोचवायला निघाला होता.

साडू म्हणजे माझ्या बायकोच्या बहिणीचा नवरा. थोरली त्याने केली, धाकटी मी. आमचा सासरा शेवटपर्यंत म्हणायचा, दोन जावई मिळाले खरे, पण दोघांचं मिळून एक माणूस होत नाही. तुम्ही बघितलाय त्याला. कार्यक्रमात एका कोपऱ्यात बसतो. कोणी "किती वाजले?" विचारलं की उठून बाहेर जातो. तोच. माझ्यापेक्षा जास्त खोडकर होता एके काळी. मी खुर्चीवर खाजकुयली टाकायचो, तो मला शिकवायचा कुठे टाकायची ते.

गेल्या नोव्हेंबरातला दुसरा शुक्रवार. आकाशात चंद्र नव्हता. संध्याकाळच्या बसने साडू एका गावात उतरला. गाव म्हणजे शहरच, पण लहान. हातात कापडी पिशवी. पिशवी त्याची नव्हती. त्याच्याबरोबर बोटीवर काम करणाऱ्या एका माणसाची होती, आणि तो माणूस समुद्रात गेला होता. आत दोन शर्ट, लोकरीची टोपी, दाढीचं सामान आणि बिस्किटाचा अर्धा पुडा. अर्धा पुडासुद्धा साडूने जपून आणला होता. ऑफिसवाले पोस्टाने पाठवणार होते. साडू म्हणाला, मी नेतो. का म्हणाला, ते पुढे कळेल.

पत्ता विचारत विचारत गल्लीत गेला. अरुंद गल्ली, दोन मजली घरं, वायरींचं जाळं. खालच्या मजल्यावर शिंप्याचं दुकान. शिंपी मशीनवर बसलेला, तोंडात दोरा. साडूने नाव सांगितलं.

"वरच्या मजल्यावर," शिंपी म्हणाला. "तोच ना तो? बोटीवरून पिऊन पडला तो?"

साडूने काय म्हणावं?

 नुसती मान डोलावली. आणि मान डोलावली म्हणजे हो म्हणाला, नाही का?

आता त्याला जिन्यात उभा राहू दे. आधी बोटीचं सांगतो. नाहीतर तुम्हाला कळणार नाही, एक धडधाकट माणूस जिन्याच्या पहिल्या पायरीवर इतका वेळ का उभा राहिला.

साडू खलाशी. वीस वर्षं मालाच्या बोटींवर काढली. गेल्या वर्षी एका वेगळ्याच बोटीवर लागला. माल नाही, पेट्या नाहीत. नुसत्या मशिनी, आणि त्या मशिनींना सांभाळणारी शिकलेली माणसं. त्यांच्या मुख्य एक मॅडम. बारीक, चष्मा, अंगात कायम स्वेटर. समुद्रात म्हणे एक पट्टा आहे. तिथून मासेवाल्यांच्या होड्या परत आल्या की त्यांची घड्याळं किनाऱ्याशी जुळत नाहीत. कोणाचं मागे, कोणाचं पुढे. एका होडीतला बर्फ आठवडाभर वितळला नाही, दुसरीतला किनारा दिसायच्या आत पाणी. मॅडमचं म्हणणं, तिथे काळालाच काहीतरी होतं. लचकतो म्हणे. बारा वर्षं बाई ह्या एकाच गोष्टीच्या मागे. लोक हसले, पैसेवाल्यांनी दारातून परत पाठवलं, तरी सोडलं नाही. शेवटी बोट मिळाली.

बोटीवर चढल्या चढल्या मॅडमनी काय केलं? सगळ्यांची मनगटी घड्याळं आणि मोबाईल गोळा करून पत्र्याच्या पेटीत बंद केले. म्हणाल्या, माझ्या मशिनींमधे दुसरं काही नको. खलाशांसाठी एकच घड्याळ ठेवलं. जेवणाच्या खोलीत, भिंतीवर. पांढरं, गोल, साधं. रोज सकाळी मॅडम स्वतः येऊन ते आपल्या मशिनीशी ताडून बघायच्या. साध्या घड्याळावर काही फरक पडतो का, ते बघायला.

काय रे इंजिनेर? सॅटेलाइट? होतं की. वर कप्तानाच्या काचेच्या खोलीत खरी वेळ दिसत होती. पण खाली पाय पसरून झोपलेल्या खलाशाला कप्तान काय अंगाई गाऊन वेळ सांगणार? खालच्यांना ते भिंतीवरचं घड्याळ. बस.

पट्ट्यात पोचले. दिवसांमागून दिवस गेले. समुद्र गप्प. मशिनी गप्प. मॅडमचा चेहरा रोज थोडा थोडा उतरायला लागला. जेवायला आल्या की ताटाकडे बघत बसायच्या. भंडारी, म्हणजे बोटीवरचा स्वयंपाकी, तो म्हणायचा, "मॅडम, काळ नंतर शोधा, आधी हे गार होतंय."

आणि थंडी. रात्री बोटीच्या अगदी पुढच्या टोकाला एक माणूस उभा करायचे, पुढे बघत राहायला. अंधारात एखादी होडी, एखादं लाकूड, काही दिसलं की ओरडायचं. मान वळवायची नाही, बसायचं नाही. आठ ते बारा साडू. बारा ते चार टायमर.

टायमर म्हणजे तोच, ज्याची पिशवी. खरं नाव वेगळं, पण सगळे टायमर म्हणायचे. कोणी उठवायच्या आधी उठायचा. कधी नव्हे तो एका मिनिटाचा उशीर झाला तर समोरच्याला दुसऱ्या दिवशी स्वतः चहा करून द्यायचा. साडू त्याला चिडवायचा, "अरे, तू जन्माला आलास तेव्हा नर्स उशिरा आली असेल, त्याचा राग काढतोस का?" टायमर हसायचा. रागावणं त्याला जमायचंच नाही.

ड्युटी बदलायची एक रीत होती. नवा माणूस येऊन शेजारी उभा राहतो. जुना म्हणतो, "दिलं." नवा म्हणतो, "घेतलं." "घेतलं" म्हटल्याशिवाय जुन्याने हलायचं नाही, मग आभाळ कोसळो. आणि एकदा "घेतलं" म्हटलं की तिथे जे होईल ते तुझं. वीस वर्षं रोज हेच दोन शब्द. साडूची बायको सांगते, घरी झोपेत असताना ह्याच्या कानात "दिलं" म्हटलं तर हा घोरता घोरता "घेतलं" म्हणायचा. पोरांनी कितीदा गंमत केली त्याची.

आता खोडी ऐका. बोटीवरची फार जुनी खोडी आहे ही. ड्युटीवर जायच्या आधी भिंतीवरचं घड्याळ वीस मिनिटं पुढे करायचं. पुढचा माणूस घड्याळ बघून वीस मिनिटं आधीच वर येतो. तुम्ही लवकर सुटता. खाली येऊन काटे परत जागेवर. कोणाला पत्ता नाही. त्या बिचाऱ्याची ड्युटी मात्र वीस मिनिटांनी लांबते, आणि तो म्हणतो, आज रात्र फार मोठी वाटली बुवा.

हसताय ना? हसा. साडूने पहिल्यांदा मला सांगितलं तेव्हा मीही पोट धरून हसलो होतो.

त्या रात्री वारा फार होता. साडूचे कान बधिर व्हायचे. जेवण झालं, खोलीत कोणी नव्हतं. साडूने स्टूल घेतलं, घड्याळाच्या पाठीमागची किल्ली फिरवली, वर गेला.

बाराच्या वीस मिनिटं आधी टायमर आला. लोकरीची टोपी, कॉलर वर.

"दिलं."

"घेतलं. जा, चहा ठेवलाय तुझ्यासाठी," टायमर म्हणाला.

चहा ठेवला होता, पोरांनो. झाकून.

साडू खाली आला. स्टुलाकडे बघितलं, म्हटलं आधी चहा पिऊ, मग काटे फिरवू. कप हातात घेतला. आणि स्वतःशीच हसला. तो म्हणाला मला, हसू अजून तोंडावर होतं, तेव्हा बोट आडवी झाली. एकच लाट. कुठून आली, माहीत नाही. त्या आधी नाही, त्या नंतर नाही. कप भिंतीवर. वरून आरडाओरडा.

पुढचं टोक रिकामं होतं.

रात्रभर दिवे टाकले पाण्यावर. काही नाही. सगळी बोट जेवणाच्या खोलीत जमली, ओलीचिंब. साडूला घड्याळापर्यंत जाता आलं नाही. तशी हिंमतही झाली नाही. आणि सकाळी मॅडम आल्या, नेहमीसारखं घड्याळ ताडून बघायला.

वीस मिनिटं पुढे!

मॅडम तिथेच खाली बसल्या. बारा वर्षांनी समुद्राने पहिल्यांदा काहीतरी दिलं होतं. आणि ते नेमकं त्याच रात्री, जेव्हा ती लाट आली. मॅडम रडल्या. टायमरसाठीही रडल्या, खोटं कशाला सांगू, पण दुसऱ्या कारणानेही रडल्या. घड्याळ काचेच्या पेटीत गेलं. फोटो निघाले. माझ्या साडूच्या दोन बोटांची करामत पुस्तकात गेली.

आणि ऑफिसने विचारलं, हा माणूस आपल्या वेळेच्या आधी, कोणी सांगितल्याशिवाय, वर गेलाच का? मॅडम म्हणाल्या, काळाने फसवलं. ऑफिसात असं लिहिता येत नाही. कोणीतरी म्हणालं, प्यालेला असेल. तेच चिकटलं. ते गल्लीपर्यंत पोचेपर्यंत "असेल" कुठेतरी गळून पडलं.

मॅडमच्या कागदावर काळ बिघडलेला, ऑफिसच्या कागदावर टायमर प्यालेला. खरं एकालाच माहीत. आणि तो एक, जिन्याच्या पहिल्या पायरीवर, पिशवी घेऊन.

गेला वर.

टायमरच्या बायकोने दार उघडलं. साडू तिला वहिनी म्हणतो. दोन खोल्या. बाहेरची खोली गल्लीकडे, एक खिडकी, दगडी फरशी, भिंतीला घड्याळ. वहिनींनी पिशवी घेतली, उघडली नाही. आत नेऊन ठेवली. म्हणाल्या, "भाऊजी, आता परतीची बस नाही. जेवून इथेच झोपा."

जेवण झालं. वहिनी ताट उचलता उचलता थांबल्या.

"भाऊजी, एक विचारू? तुम्ही होतात तिथे. ते प्यालेले होते का हो?"

साडूने पेल्यात आणखी पाणी ओतून घेतलं.

"लग्नाला सोळा वर्षं झाली," वहिनी म्हणाल्या. "एकदा वास नाही आला मला. पण आता सगळेच म्हणतात. खाली शिंपी म्हणतो, दूधवाला म्हणतो. माझा भाऊसुद्धा म्हणाला, बोटीवर काय करत असतील कुणाला माहीत. मग रात्री मलाही वाटतं, खरंच, मला कुठे माहीत? तुम्ही नाही म्हणालात तर मी सगळ्यांच्या तोंडावर सांगेन. हो म्हणालात तर... गप्प बसेन. पण सांगा."

बघा. एक शब्द हवा होता बाईला. एकच. "नाही." तेवढं म्हटलं असतं तरी भागलं असतं. पण साडूला वाटलं, नाही म्हटलं की पुढचा प्रश्न येणार. मग ते आधी वर का गेले?

साडू म्हणाला, "वहिनी, आता झालं ते झालं."

मला सांगताना तो दोन्ही हातांनी तोंड झाकून सांगत होता. म्हणाला, बोटीवर मी मस्करी केली होती. खून केला तो ह्या खोलीत. ताटावर बसून.

वहिनींनी मान डोलावली. सतरंजी घातली, पाण्याचा तांब्या ठेवला. दिवा बंद करून आत गेल्या. दार ओढून घेतलं.

साडू पडला. झोप कुठली? गल्ली शांत झाली. खाली शिंप्याचं मशीन थांबलं. कुठेतरी एक शटर ओढल्याचा आवाज, मग तोही नाही. रस्त्यावरच्या दिव्याचा उजेड खिडकीतून भिंतीवर, बरोबर घड्याळावर. साडूने बघायचं नाही ठरवलं होतं. बघितलं.

बाराला वीस कमी.

आणि जिन्यावर पाय वाजले.

सरक रे जवळ, घाबरत असलास तर. इंजिनेर, तू पण ये, कोणी बघत नाही.

पाय वाजले. सावकाश. डुलणाऱ्या बोटीवर माणूस चालतो तसे, पाय फाकवून, एकेक पायरी रोवून. साडूला ती चाल माहीत होती. वर आले. दाराशी थांबले. दाराला कडी होती. कडी वाजली नाही. दार हललं नाही.

पण खोलीत गारवा आला. मीठ लागलेला गारवा.

साडू डोळे मिटून पडलेला. अंग लाकूड.

कानाशी कोणीतरी म्हणालं,

"दिलं."

आणि पोरांनो... वीस वर्षांची सवय. डोकं नको म्हणत होतं. तोंडाने ऐकलं नाही.

"घेतलं," साडू म्हणाला.

म्हणाला... आणि उभा होता.

कसा उठला, माहीत नाही. खिडकीच्या दोन पावलं अलीकडे. तोंड बाहेर. हात मागे. ड्युटीवर उभं राहतात तसा. पाय उचलून बघितला. उचलेना. मान वळवून बघितली. वळेना.

"वहिनी," त्याने हाक मारली.

आवाज बाहेर पडला नाही.

खिडकीबाहेर गल्ली नव्हती. अंधार होता, आणि अंधार खाली-वर होत होता. रस्त्यावरचा दिवा लांब गेला. फार लांब. दुसऱ्या बोटीचा असावा तसा. डोळ्याच्या कोपऱ्यातून भिंतीवरचं घड्याळ दिसत होतं. टिकटिक चालू. काटा... हलत नव्हता.

बाराला वीस कमी.

साडू म्हणाला, आधी मी टिकटिक मोजली. हजारावर गेलो. मग परत एकपासून. मग मोजणं सोडलं.

बाराला वीस कमी.

पाय सुजले. मग दुखायचे थांबले. तहान लागली, तीही गेली. झोप आली. उभ्या उभ्या झोपला, जागा झाला, झोपला. किती वेळा, माहीत नाही. सगळं अंधारातच. पोरांचे चेहरे आठवत बसला. मग एकदा थोरल्याचा आठवेना. मग धाकट्याचा. मग बायकोचा...

मग स्वतःचं नाव.

बाराला वीस कमी.

आणि ह्या सगळ्या वेळात तो एकटा नव्हता. अगदी अंगाशी कोणीतरी होतं. श्वास नाही. हालचाल नाही. पण असतं ना, अंधाऱ्या खोलीत माणूस असला की कळतं, तसं. इतकं जवळ. साडूला वाटलं, आता ढकलेल. आता ढकलेल. किती वर्षं तो त्या धक्क्याची वाट बघत उभा होता, देव जाणे.

मग लाट आली.

आवाज आला आधी. तोच. कप भिंतीवर फुटला होता त्या रात्रीचा. साडूने डोळे मिटले. पाणी आपटलं... कशावर तरी. अगदी समोर. फुटलं. ओघळलं.

साडूच्या अंगावर थेंब नाही.

परत आली. परत आपटलं. परत थेंब नाही.

आणि मग, पुढे... पाण्यात... काहीतरी वर आलं. काळं. गोल. लोकरीच्या टोपीसारखं. मग एक हात.

पुढे बघणाऱ्याचं काम काय? दिसलं की ओरडायचं. "माणूस पाण्यात!" एवढंच तर काम. साडूने तोंड उघडलं. छाती फुटेल इतकं ओरडायला गेला. आणि तोंडातून जे बाहेर पडलं ते दुसरंच.

"घड्याळ मी पुढे केलं!"

...

"मी केलं! तो वेळेवर आला होता! वेळ माझी होती! माझी होती!"

...

सगळं थांबलं. पाणी. वारा. टिकटिकसुद्धा.

आणि अगदी जवळून, हळूच, रागाने नाही... कोणी बाजारात सामान हातात घेतं तसं...

"घेतलं."

दिवा लागला.

वहिनी आतल्या दारात उभ्या. केस सुटलेले, हात बटणावर. साडू खिडकीजवळ गुडघ्यांवर पडलेला. घड्याळात बारा. बरोबर बारा. वहिनींच्या हिशोबाने त्या दिवा बंद करून आत जाऊन नुसत्या पडल्या होत्या, डोळा लागायच्या आधीच हा ओरडला.

"काय म्हणालात?" वहिनी म्हणाल्या.

साडूने वर बघितलं नाही. सांगितलं. स्टूल, किल्ली, वीस मिनिटं. झाकून ठेवलेला चहा. हसलो होतो, तेही सांगितलं. वहिनींनी सगळं ऐकलं. त्यांनी मारलं असतं तर बरं झालं असतं, साडू म्हणतो. मारलं नाही.

"म्हणजे ते प्यालेले नव्हते," त्या म्हणाल्या.

"नाही वहिनी."

"शिंप्याला सांगाल?"

"सांगतो. सकाळी उठल्या उठल्या..."

"आत्ता."

उतरले खाली. वहिनी पुढे, साडू मागे, पाय फरफटत. वहिनींनी शिंप्याचं दार वाजवलं. शिंपी बनियनवर आला, गळ्यात मोजायची टेप तशीच. वहिनी म्हणाल्या, "ह्यांना काही सांगायचंय. तुम्ही संध्याकाळी विचारलं होतंत ना, त्याचं उत्तर." समोरच्या खिडकीत दिवा लागला. मग बाजूच्या. आणि माझ्या साडूने, ज्याने जन्मात कुणापुढे मान खाली घातली नव्हती, गल्लीच्या मधोमध उभं राहून सगळं सांगितलं. आवाज बसला होता. कुणीतरी वरून म्हणालं, "ऐकू नाही आलं." मग परत सांगितलं. मोठ्याने.

शिंपी टेप गळ्यातून काढून गुंडाळत बसला. म्हणाला, "वहिनी, माझी जीभ झडो." वहिनी त्याच्याकडे न बघता जिना चढून गेल्या. साडूला वर या म्हणाल्या नाहीत. तो बस स्टँडवर जाऊन बसला सकाळपर्यंत.

ऑफिसात गेला, तिथे लिहून दिलं. अंगठ्याएवढी सही केली. नोकरी गेली, जायचीच होती. मॅडमकडे गेला. मॅडमनी ऐकून घेतलं, चष्मा काढून टेबलावर ठेवला. म्हणाल्या, "बारा वर्षांत मला एकच आकडा मिळाला होता." बस, एवढंच. रागावल्या नाहीत. ते घड्याळ काचेच्या पेटीतून काढून त्याच्यासमोरच कपाटात ठेवलं.

आता मजा बघा, म्हणजे मजा नाही. त्या बाई समुद्रभर जे शोधत होत्या ते साडूच्या पायांखालून गेलं होतं. एका भाड्याच्या खोलीत. साडूच्या ओठांवर आलं होतं, मॅडम, मी बघितलं, काळ थांबतो, मी त्यात उभा होतो. पण कसं सांगणार? एकदा खोटं घड्याळ दिलं त्या माणसाने. त्याच्या खऱ्याला आता कोण विचारतं? तो उठून आला. मला सांगितलं, आणखी कोणाला नाही.

हां, बोल इंजिनेर. मला माहीत आहे तू काय म्हणणार. स्वप्न. मन खात होतं, झोपेत उठला, ओरडला. मलाही तेच वाटलं. मी काय कमी खोडकर आहे? म्हटलं, साडू मला बनवतोय. म्हणून मी स्वतः गेलो. मुद्दाम. ह्या मार्चमधे.

वहिनींनी ओळख विचारली, पाणी दिलं. साडूचं नाव काढल्यावर पेला उचलून आत ठेवून आल्या. म्हटलं, बाहेरची खोली बघू का? त्या म्हणाल्या, "बघा की. घरमालक माझ्याशी भांडतो त्या फरशीवरून. म्हणतो, तुम्ही काय आपटलंत? मी काय आपटणार?"

मी वाकलो. चष्मा लावला.

खिडकीच्या दोन पावलं अलीकडे, दगडी फरशीत, दोन खळगे. पावलांचे. देवळाच्या जुन्या पायरीला पडतात तसे, गुळगुळीत. शंभर वर्षं एकाच जागी कोणी उभं राहिलं तर पडतील तसे. वहिनी म्हणाल्या, फरशी पुसली की त्यात पाणी साठतं, फडक्याने टिपून घ्यावं लागतं. मी चप्पल काढून पाय ठेवून बघितला. माझा बसला नाही. साडूचा पाय आखूड आहे, त्याचा बसेल.

मी उठणार होतो. वहिनी म्हणाल्या, "ते दुसरे बघितलेत का?"

अजून एक जोडी होती. मोठी. तेवढीच खोल, तेवढीच झिजलेली.

मागे नव्हती, पोरांनो. ढकलायला उभं राहावं तशी नव्हती.

पुढे होती. साडू आणि खिडकीच्या मधे. लाट येते त्या बाजूला.